साडेअकराचा नवरा

निवृत्तीबद्दल आपल्याकडे जे काही लिहिलं-बोललं जातं त्यातून निवृत्त होणाऱ्याची बायको जवळजवळ नेहमीच गैरहजर असते. निरोप समारंभात ती पहिल्या रांगेत बसते, तिलाही शालीबरोबर एक साडी मिळते, आणि साहेबांच्या यशात वहिनींचा वाटा किती मोठा आहे हे कुणीतरी ठरल्याप्रमाणे सांगून टाकतं. पेन्शनच्या कागदपत्रांना नवरा-बायकोचा एकत्र फोटो जोडावा लागतो, कारण पुढेमागे कुटुंब निवृत्तिवेतन कुणाला द्यायचं हे सरकारला कळायला हवं. म्हणजे तिथंही तिचा विचार होतो तो नवऱ्याच्या माघारी. त्यानंतर सुरू होते ती सल्ल्यांची रांग, आणि हे सल्ले फक्त त्याच्यासाठी असतात : छंद जोपासा, योगासनं करा, ग्रॅच्युइटीचे पैसे नीट गुंतवा, चारधाम करून या. या सगळ्यामागे एक गृहीत आहे, की त्याचा दिवस एकाएकी रिकामा झाला आणि तो भरायचा कसा हाच काय तो प्रश्न. मला हे गृहीत चुकीच्या टोकाकडून धरलेलं वाटतं. त्याचा दिवस रिकामा होतो हे खरंच, पण त्याच वेळी तिचा दिवस भरून जातो. तीस-पस्तीस वर्षं फारसा आवाज न होता चाललेल्या संसारात एक अनोळखी गोष्ट शिरते, आणि ती म्हणजे आठवड्याच्या मधल्या वारी, सकाळी साडेअकरा वाजता घरात असलेला नवरा.

ही गोष्ट अनोळखी का, हे समजून घ्यायला निवृत्तीचं वय पाहावं लागेल. म्हणजे ही कल्पना किती जुनी आहे ते. जर्मनीत बिस्मार्कनं १८८९ मध्ये वृद्धांसाठी विम्याचा कायदा आणला तेव्हा पेन्शनचं वय सत्तर होतं. ते पासष्टवर आलं १९१६ मध्ये. सत्तरी गाठणारेच थोडे, त्यामुळे सरकारी तिजोरीवर त्याचा फार भार पडणार नव्हता. आपल्याकडे केंद्र सरकारी नोकरांचं निवृत्तीचं वय आधी पंचावन्न, मग अठ्ठावन्न आणि १९९८ पासून साठ असं सरकत गेलं. स्वातंत्र्याच्या सुमाराला भारतीय माणसाचं सरासरी आयुर्मान बत्तीसच्या आसपास होतं. त्यात बालमृत्यूंचा हिस्सा मोठा होता हे मान्य करूनही, नोकरी संपल्यावर नवरा-बायको दोघंही धडधाकट असून पुढे दीड-दोन दशकं एका छपराखाली काढतील, असा हिशेब कुणी मांडलेला नव्हता. आज साठीला पोचलेल्या भारतीयाच्या पुढ्यात सरासरी सतरा-अठरा वर्षं असतात. शिवाय २०१७-१८ च्या देशव्यापी वार्धक्य पाहणीनुसार साठीपुढच्या माणसांपैकी सुमारे एक पंचमांश फक्त जोडीदाराबरोबर राहतात. मुलं दुसऱ्या गावात, दुसऱ्या देशात किंवा दुसऱ्या फ्लॅटमध्ये. पगारी नोकरी, लांबलेलं आयुष्य आणि दोघांचंच घर या तीन गोष्टी एकत्र आल्या त्याला दोन-तीन पिढ्यांपेक्षा जास्त काळ झालेला नाही. शेतकरी निवृत्त होत नाही, कुंभार निवृत्त होत नाही. त्यांचं काम हळूहळू हातातून सुटतं. ३० तारखेला साहेब आणि १ तारखेला घरात, हा प्रकार पगारदाराच्याच वाट्याला येतो.

जुन्या व्यवस्थेनं या माणसाचा विचार केला नव्हता असं नाही. मनुस्मृतीच्या सहाव्या अध्यायात सुरकुत्या, पिकलेले केस आणि नातवंड दिसलं की गृहस्थानं अरण्यात जावं असं सांगितलं आहे, बायकोला मुलांच्या हवाली करून किंवा बरोबर घेऊन. प्रत्यक्षात किती जण अरण्यात गेले हा प्रश्न सोडून द्या. म्हाताऱ्या कर्त्या पुरुषानं घरात घुटमळू नये एवढं तरी त्यात स्पष्ट आहे. (बायकोनं कुठं राहायचं हे तिला विचारून ठरवावं असं मात्र त्यात नाही.) वाड्यानं तोच प्रश्न भिंती घालून सोडवला. ओटी, पडवी, दिवाणखाना हे पुरुषांचे. माजघर आणि स्वयंपाकघर बायकांचं. आणि पुरुषाला त्याच्याही पलीकडे गावातला पार, देवळाचा सभामंडप, चावडी. आजोबा दिवसभर घरी असत, पण माजघरात नसत. त्यांना चहा हवा असला तर निरोप आत जायचा आणि चहा बाहेर यायचा. ही रचना न्याय्य होती असं मी म्हणत नाही, बाईला तिनं आत कोंडलंच होतं. पण त्या कोंडण्याचं एक अनपेक्षित फळ असं की आतल्या राज्यात पुरुषाचं लक्ष नसे. फ्लॅटला ओटी नाही. हॉल नावाची एक खोली आहे, तिथून ओटा दिसतो, आणि फोडणीचा आवाज ऐकूनच तेल जास्त झालं की काय हे विचारता येतं.

आता साडेअकराला त्या घरात काय चाललेलं असतं ते पाहू. बाहेरून बघणाऱ्याला वाटतं, घर निवांत आहे. २०१९ च्या राष्ट्रीय वेळ-वापर पाहणीचे आकडे वेगळं सांगतात. त्या पाहणीनुसार देशातल्या ८१.२ टक्के स्त्रिया रोज बिनपगारी घरकाम करतात, आणि जी करते तिचे त्यात सरासरी २९९ मिनिटं जातात; पुरुषांमध्ये असं काम करणारे २६.१ टक्के, आणि त्यांची मिनिटं ९७. सर्वोच्च न्यायालयानं जानेवारी २०२१ मध्ये मोटार अपघाताच्या नुकसानभरपाईच्या एका निकालात हेच आकडे उद्धृत करून गृहिणीच्या कामाचं मोल पैशात धरलं पाहिजे असं बजावलं. पाच तास म्हणजे जवळपास एक नोकरीच. पण मिनिटांच्या हिशेबात एक गोष्ट येत नाही, ती म्हणजे या नोकरीत वरिष्ठ नाही. कामाच्या बाई दहाला येणार की अकराला, आधी भांडी की आधी केर, कणीक आता मळायची की कुकर होईपर्यंत थांबायचं, डाळ निवडताना रेडिओ लावायचा की बहिणीला फोन करायचा, दुपारी झोपायचं की भिशीला जायचं, हे सगळं ती एकटी ठरवते. इतर कुठं फारसं काही ठरवण्याची मुभा न मिळालेल्या बाईलाही सकाळी नऊ ते संध्याकाळी सहा एवढी स्वायत्तता नवऱ्याच्या नोकरीनं नकळत दिलेली असते. आमच्यात कधी मोठं भांडण झालं नाही, असं जी जोडपी अभिमानानं सांगतात त्यांच्यापैकी किती जणांच्या शांततेचा पाया परस्परांची समजूत हा होता आणि किती जणांचा ऑफिसची वेळ हा होता, याचा उलगडा निवृत्तीच्या पहिल्या सहा महिन्यांत होतो.

या उलगड्याची सगळ्यात पद्धतशीर नोंद जपाननं ठेवली. तिथले डॉक्टर नोबुओ कुरोकावा यांच्याकडे १९९० च्या सुमाराला साठीच्या आसपासच्या बायका पोटदुखी, अंगावर पुरळ, रक्तदाब, निद्रानाश अशा तक्रारी घेऊन येत, आणि तपासण्यांत धड काही सापडत नसे. अनेकींच्या बाबतीत या सगळ्याचा आरंभ नवरा निवृत्त होऊन घरी बसल्यापासून झाला होता, हे त्यांच्या ध्यानात आलं आणि त्यांनी या अवस्थेला चक्क आजाराचं नाव दिलं. दिवसभर घरी असलेल्या नवऱ्याला जपानी बायका जी टोपणनावं देत, त्यांतलं एक महापालिकेला वेगळं कळवून उचलून न्यायला लावावं लागणाऱ्या अवजड कचऱ्याचं होतं. ही झाली डॉक्टरची निरीक्षणं आणि बायकांची चेष्टा. त्यावर शंका घेता येते. कदाचित बायको आधीच आजारी असेल आणि म्हणून नवऱ्यानं लवकर काम सोडलं असेल. ही शंका इटलीतल्या पादुआ विद्यापीठाच्या दोन अर्थशास्त्रज्ञांनी, मार्को बेर्तोनी आणि जॉर्जो ब्रुनेल्लो यांनी, गंभीरपणे घेतली. २००६ मध्ये जपानमध्ये एक कायदेबदल अमलात आला आणि त्यामुळे काही वर्षी जन्मलेल्या पुरुषांना साठीनंतरही नोकरीची हमी मिळाली, त्यांच्या थोडं आधी जन्मलेल्यांना मिळाली नाही. आपण कोणत्या वर्षी जन्मावं हे कुणी बायकोच्या प्रकृतीकडे बघून ठरवत नाही. या फरकाचा आधार घेऊन त्यांनी मोजलं, तर नवरा जितका जास्त काळ निवृत्त तितकी बायकोला ताण, खिन्नता आणि निद्रानाश असण्याची शक्यता जास्त, असंच निघालं.

या निबंधाला त्यांनी नाव दिलं ते एका जर्मन विनोदी चित्रपटाचं, ‘पापा आंटे पोर्टास’. १९९१ चा हा चित्रपट लोरिओट या विनोदकारानं लिहिला, दिग्दर्शित केला आणि त्यात मुख्य भूमिकाही केली. त्याचा नायक हाइनरिश लोझे एका कंपनीत खरेदीप्रमुख असतो. सवलत मिळते म्हणून तो टाइपरायटरचा कागद पुढची कित्येक दशकं पुरेल एवढा मागवतो आणि कंपनी त्याला घरी पाठवते. घरी आल्यावर त्याच हिशेबानं तो मोहरीच्या चटणीच्या दीडशे बरण्या विकत आणतो. मला हे दृश्य कुठल्याही समाजशास्त्रीय लेखाइतकंच नेमकं वाटतं, कारण लोझे आळशी नाही, दुष्ट नाही, बायकोवर त्याचं प्रेम नाही असंही नाही. तो उत्साहानं मदत करतो आहे. फक्त आपण जिथं आलो ती एक चालती कचेरी आहे, तिला आधीपासून एक प्रमुख आहे आणि आपल्याला तिथलं काहीच येत नाही, हे त्याच्या डोक्यात शिरत नाही. आपल्याकडचे लोझे दीडशे बरण्या आणत नाहीत. ते मंडईतून स्वस्त मिळाली म्हणून पाच किलो मेथी आणतात आणि ती निवडणाऱ्या माणसाच्या दुपारचा हिशेब त्यात धरत नाहीत. मसाल्याच्या डब्यांना चिठ्ठ्या लावतात. कामाच्या बाईंना वेळेवर येण्याबद्दल दोन शब्द ऐकवतात, आणि पुढच्या आठवड्यात बाई काम सोडतात.

जपानची गोष्ट महाराष्ट्राला लावायची नाही, तिकडचे नवरे मध्यरात्रीपर्यंत कंपनीत असायचे, असा आक्षेप येईल. त्यात तथ्य आहे, पण थोडंच. तालुक्याच्या गावात शाळेत किंवा कोर्टात नोकरी केलेला, दुपारी जेवायला घरी येणारा माणूस निवृत्त होतो तेव्हा घराला त्याची दिवसाउजेडी सवय असते, आणि तिथं ही उलथापालथ कमी होत असणार असं मलाही वाटतं. मात्र डोंबिवली, कल्याण, विरारहून सकाळची लोकल पकडून फोर्टात जाणाऱ्या आणि दिवेलागणीनंतर परतणाऱ्या माणसानं आपलं घर उन्हात पाहिलं ते रविवारी. रविवारचं घर हे वेगळंच घर असतं, ते त्याच्यासाठी मांडलेलं असतं. त्याच्या आधारावर सोमवारच्या घराची कल्पना करणं म्हणजे फसगत. आणि जपानबद्दलही अतिशयोक्ती नको. २००७ च्या एप्रिलपासून घटस्फोटित बायकोला नवऱ्याच्या पेन्शनचा अर्ध्यापर्यंत हिस्सा मिळू लागला, महायुद्धानंतरच्या लाटेत जन्मलेली पिढी त्याच सुमाराला साठीला पोचत होती, तेव्हा उतारवयातल्या घटस्फोटांचा पूर येईल असं भाकीत होतं. तसा पूर आला नाही. तिथले एकूण घटस्फोट २००२ नंतर उतरणीलाच लागले. वाढत गेला तो त्यांतला वीस वर्षांहून जुन्या संसारांचा वाटा. बहुसंख्य बायका घर सोडून गेल्या नाहीत. त्या घरातच राहिल्या आणि डॉक्टरकडे गेल्या.

दुसरा आक्षेप जास्त भावनिक आहे आणि म्हणून जास्त ऐकू येतो. आयुष्यभर राबून त्यानं हे घर घेतलं, कर्जाचे हप्ते फेडले, आता त्यानं आपल्याच घरात पाहुण्यासारखं राहायचं का? घर कुणाच्या नावावर आहे आणि घर कुणाला चालवता येतं हे दोन वेगळे प्रश्न आहेत, एवढंच त्यावर सांगता येईल. सोसायटीच्या भागपत्रावर त्याचं नाव पहिलं असेल. हिंग कोणत्या डब्यात आहे हे त्या भागपत्रावर लिहिलेलं नाही. बँकेतून निवृत्त झालेला व्यवस्थापक आपल्या जुन्या शाखेत जाऊन नव्या माणसाच्या खांद्यावरून खातेवही वाचत नाही, तसं करणं त्याला स्वतःलाच असभ्य वाटेल. घरात तो तेच करतो आणि त्याला आपुलकी म्हणतो. इथं अधिकाराचा वाद घालायचा नसून शिष्टाचार पाळायचा आहे. नव्या कचेरीत रुजू होताना पहिले काही महिने माणूस जे करतो, म्हणजे बघतो, विचारतो, सांगितलेलं काम करतो, चुकतो आणि सुधारणा सुचवण्याची घाई करत नाही, तेवढं केलं तरी बरंच निभावतं.

तिसरा आक्षेप मला सगळ्यात वजनदार वाटतो. हा त्रास तात्पुरता असतो, पुढे जोडपी स्थिरावतात आणि उलट जवळ येतात, असं म्हणणाऱ्यांच्या बाजूनंही पुरावा आहे. अमेरिकेत फिलिस मोएन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००१ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात नोकरीतून निवृत्तीत जाण्याच्या काळात संसारातली कुरबुर वाढलेली दिसली, आणि निवृत्तीत मुरलेल्या जोडप्यांमध्ये समाधान अधिक आढळलं. मी हे नाकारत नाही. पण स्थिरावणं एकाच तऱ्हेनं होत नाही. कधी नवरा पुन्हा बाहेर पडतो : सकाळचा कट्टा, ज्येष्ठ नागरिक संघ, वाचनालय, कुणाच्या दुकानात हिशेब लिहायला. महाराष्ट्रात ज्येष्ठ नागरिक संघांचं जाळं एवढं दाट का विणलं गेलं याचं एक कारण, जे त्यांच्या अहवालांत सापडणार नाही, घरात बसलेल्या बायकांकडे असावं. कधी नवरा खरोखर काम शिकतो. कणीक मळतो, आणि ती कशी मळली याबद्दल शेरा ऐकून घेतो. आणि कधी बायको आपलं वेळापत्रक हळूहळू मिटवून टाकते. दुपारची भिशी सुटते, कारण ‘यांना चारला चहा लागतो’. बहिणीचा फोन आखडतो, कारण हॉलमधून टीव्हीचा आवाज कमी होतो आणि कुणीतरी ऐकतं आहे हे कळतं. जेवण साडेबाराला पानात पडतं. सहा महिन्यांनी घर पुन्हा शांत होतं. समाधानाची पाहणी करायला आलेल्याला ती हसून सांगते, सगळं छान आहे, आणि ती खोटंही बोलत नसते. पाहणीच्या तक्त्यात मात्र हे घर आणि नवऱ्यानं कणीक मळायला घेतलेलं घर एकाच रकान्यात पडतं.

आपल्या साहित्यानं या रकान्याकडे कधी बघितलं नाही याचं मला नवल वाटतं. उतारवयातल्या जोडप्यावरची आपली दोन गाजलेली नाटकं म्हणजे शिरवाडकरांचं ‘नटसम्राट’ आणि जयवंत दळवींचं ‘संध्याछाया’. एकात रंगभूमीवरून निवृत्त झालेला नट सगळं मुलांना वाटून टाकतो. दुसऱ्यात दोघं म्हातारी मुलांची वाट बघत राहतात. दोन्हींकडे दुःख येतं ते मुलांकडून, आणि नवरा-बायको एकमेकांना धरून असतात. ही नाटकं मोठी आहेत, पण त्यांनी मराठी प्रेक्षकाला एक सोयीची सवय लावली. वृद्धापकाळात काही बिनसलं की तो दाराकडे बघतो, कोण आलं नाही ते शोधायला. कोण आलं आणि बसलं, हे विचारायचं राहून जातं.

शेवटी असं म्हटलं जाईल की हे सगळं एका पिढीपुरतं आहे. आता बायकाही शाळांतून, बँकांतून, जिल्हा परिषदांतून निवृत्त होताहेत. दोघंही नोकरी केलेली, दोघांनाही घर दिवसा अनोळखी, तेव्हा मक्तेदारी कुणाचीच नाही आणि संघर्षही नाही. हे पटण्यासारखं आहे, पण एलेना स्टँकानेली आणि आर्थर व्हान सूस्ट यांनी २०१२ मध्ये फ्रेंच जोडप्यांबद्दल जे दाखवलं ते आड येतं. त्यांनी तपासलेल्या आकड्यांच्या काळात फ्रान्समध्ये साठाव्या वर्षी बहुतेकांना निवृत्त होता येत असे. निवृत्त झालेला माणूस, पुरुष असो की स्त्री, स्वतःचं घरकाम वाढवतो असं त्यांना आढळलं. इथवर बातमी चांगली. पण बायको निवृत्त झाली की नवऱ्याच्या घरकामाचे तास घटतात आणि नवरा निवृत्त झाला म्हणून बायकोचे तास घटत नाहीत, हेही त्यांना त्याच आकड्यांत दिसलं. म्हणजे नोकरी करणारी बायको घरी आली की जी थोडीफार कामं त्यानं उचलली होती तीही तो तिच्याकडे परत सोपवतो, बहुधा काही न बोलता, आणि तीही बहुधा काही न बोलता घेते. पॅरिसमधल्या नवऱ्यांचं हे असं असेल, तर पुण्यात ३१ मे रोजी शाल-श्रीफळ घेऊन घरी आलेल्या मुख्याध्यापिकेला १ जूनला साडेअकरा वाजता घरात कोणती खुर्ची मोकळी मिळते, हे कुणीतरी मोजायला हवं.